विलोम आणि प्रतिलोम : उलट कशाच्या?

‘लोम’ म्हणजे अंगावरचा केस. त्याच्या वळणाविरुद्ध जाणारे ते विलोम किंवा प्रतिलोम. भास्कराचार्यांच्या ‘लीलावती’त (११५०) विलोमविधी उत्तरापासून मागे फिरतो, गुणाकाराच्या जागी भागाकार, वर्गाच्या जागी वर्गमूळ करीत मूळ संख्या शोधतो. याच ग्रंथावर १५४१मध्ये टीका लिहिणाऱ्या सूर्यपंडितांचे ‘रामकृष्णविलोमकाव्य’ सुलट वाचता रामाचे, उलट वाचता कृष्णाचे. गणितात ती युक्ती, काव्यात कौतुक. मनुस्मृतीच्या दहाव्या अध्यायात मात्र वरच्या वर्णाची स्त्री व खालच्या वर्णाचा पुरुष यांचा संबंध प्रतिलोम ठरतो आणि हीनत्व संततीच्या माथी येते. दोन्ही शब्दांचा अर्थ ‘उलट’ एवढाच सांगून भागत नाही. सुलट दिशा गणितात उघड मांडलेली असते, स्मृतीत ती गृहीत धरलेली असते. ती कोणी ठरवली, हे अर्थ लावताना आधी विचारायला हवे.