पित्त खरंच खवळतं का? गेल कर्न पेस्टर वाचताना

आपल्याकडे 'पित्त झालंय' आणि 'पित्त खवळलंय' या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. पहिलीवर कोकम सरबत, दुसरीपासून लांब राहणं! शेक्सपिअरच्या प्रेक्षकांसाठी मात्र या दोन गोष्टी वेगळ्या नव्हत्या, असं गेल कर्न पेस्टर म्हणतात. 'ह्यूमरिंग द बॉडी' (2004) या पुस्तकाचा हाच गाभा. रक्त, कफ, पिवळं पित्त, काळं पित्त हे चार द्रव शरीरात कमी-जास्त, गरम-थंड होतात, आणि राग किंवा उदासी म्हणजे तेच होणं. त्यामुळे नाटकातल्या रागाच्या आगीला आपण चटकन 'रूपक' म्हणतो, तेव्हा आपलं आजचं शरीर त्या काळावर लादतो.

मला त्यांचं आधीचं पुस्तक, 'द बॉडी एम्बॅरस्ड' (1993), जास्त भावतं. त्यात 'गळक्या' बायकांवर एक प्रकरण आहे. मिडलटनच्या 'अ चेस्ट मेड इन चीपसाइड'मध्ये बारशाला आलेल्या बायका पिऊन निघून जातात आणि त्यांच्या स्टुलांखाली ओल दिसते. बेन जॉन्सनच्या 'बार्थोलोम्यू फेअर'मध्ये (1614) बायकांना जत्रेत लघवीला जागा हवी असते. एरवी आपण हसून पान उलटलं असतं. पेस्टर थांबतात. बाईचं शरीर मुळातच थंड, ओलं, म्हणून न आवरणारं, हे तेव्हाचं वैद्यक आणि बाईला लाज शिकवणारा समाज एकाच विनोदात कसे काम करतात, ते दाखवतात. वैद्यकीय ग्रंथ इथे पार्श्वभूमी म्हणून येत नाही, तो प्रसंगाच्या आत शिरतो.

अडचण कुठे येते? जॉन्सनपाशीच. 'एव्हरी मॅन आउट ऑफ हिज ह्यूमर'च्या (1599) प्रास्ताविक प्रवेशात एक पात्र आधी द्रवांची व्याख्या करतं, मग स्वभावाला तोच शब्द रूपकाने लावता येतो असं स्पष्ट सांगतं. म्हणजे हा फरक त्या काळाला कळत होता. मग प्रत्येक वाक्य शब्दशः शरीराचं, हे कसं धरायचं? रिचर्ड स्ट्रायर यांचा या संपूर्ण विचारधारेवरचा रोख काहीसा असाच आहे. मायकेल शोएनफेल्ट (1999) वेगळ्या बाजूने येतात: तेच वैद्यक त्यांना लाजेपेक्षा आत्मसंयमाचं साधन वाटतं, खाणं-पिणं सांभाळून स्वतःला घडवण्याचं. मला वाटतं, पेस्टर नाटकातल्या प्रसंगावर बोलतात तेव्हा जिंकतात, 'त्या काळचा माणूस' असं सरसकट बोलतात तेव्हा पुरावा कमी पडतो.

आता प्रस्ताव लिहिणाऱ्यांसाठी. चार द्रव म्हणजे आपले त्रिदोष, असं समीकरण मांडून संतकवितेवर पेस्टर 'लावू' नका. वात त्या चौकडीत नाही आणि काळं पित्त आपल्याकडे स्वतंत्र दोष नाही. तुकोबांच्या अभंगातली तळमळ शरीरातली आहे की शरीरावरून घेतलेली, हा प्रश्न जरूर विचारा. पण त्यासाठी त्या काळात इथे कोणतं वैद्यक वाचलं-ऐकलं जात होतं, ते आधी शोधावं लागेल.