एक घर आणि एक खोली

रेचल लिक्टेन्स्टाइन आणि इएन सिंक्लेअर या दोघांनीं मिळून लिहिलेलें ‘रॉडिन्स्कीज् रूम’ हें पुस्तक १९९९ सालीं प्रसिद्ध झालें. तें एका बेपत्ता झालेल्या माणसाविषयीं आहे खरें. परंतु त्या माणसाहून त्याचें घर अधिक बोलकें आहे, आणि तें घर समजून घेतल्यावांचून पुस्तकाच्या गुणदोषांचा निवाडा करणें योग्य होणार नाहीं, असें आम्हांस वाटतें.

लंडनच्या पूर्वभागांतील स्पिटलफील्ड्स या वस्तींत, प्रिन्सलेट स्ट्रीटवर, १९ क्रमांकाचें हें घर १७१९ सालीं बांधलें गेलें. फ्रान्समधील धर्मच्छळामुळें देशोधडीस लागलेल्या ह्यूगनॉट लोकांपैकीं ओजिए नांवाच्या रेशीमवाल्या घराण्यानें तेथें संसार थाटला. पुढें रेशमाचा धंदा बसला आणि खोल्याखोल्यांतून भाडेकरू व कारागीर शिरले. १८६९ सालीं पोलंडकडून आलेल्या गरीब यहुद्यांच्या एका परस्परसाहाय्यक मंडळानें मागच्या परसांत प्रार्थनामंदिर उभारलें, आणि तळघरांत सभेची जागा केली. रस्त्यावरून पाहणाऱ्यास अजूनहि घरच दिसतें. आंत गेल्यावर मात्र रंगीत कांचांच्या छपरांतून उजेड उतरतो. बाजूंस स्त्रियांसाठीं सज्जे आहेत, आणि त्या सज्ज्यांच्या फळ्यांवर वर्गणीदारांचीं नांवें रंगविलेलीं आहेत. शिल्पाचा चमत्कार म्हणून या मंदिराची गणना कोणी करणार नाहीं. परक्या गांवीं, उसन्या छपराखालीं, देवाला आणि शेजाऱ्याला एकत्र जागा करून देण्याची जी खटपट तेथें दिसते, तीच त्याची शोभा होय.

या घराच्या माळ्यावर डेव्हिड रॉडिन्स्की नांवाचा एकलकोंडा गृहस्थ राहत असे. १९६० नंतरच्या दशकाच्या अखेरीस तो दिसेनासा झाला. १९८० च्या सुमारास खोली उघडण्यांत आली, तेव्हां धुळीखालीं ग्रंथ, नाना भाषांच्या अभ्यासाचीं टिपणें आणि खुणा केलेलें लंडनच्या नकाशांचें पुस्तक सांपडलें. एवढ्या सामग्रीवर दंतकथा उठण्यास कितीसा वेळ लागणार? कोणी त्यास महापंडित ठरविलें, कोणी गूढवादी.

सिंक्लेअर यांचीं प्रकरणें या दंतकथेवरच पोसलेलीं आहेत. त्यांची भाषा घट्ट विणीची व कल्पना चपळ आहे, आणि शहराच्या गल्लीबोळांचें त्यांचें ज्ञान पाहून वाचक दिपून जातो. परंतु दिपलेल्या डोळ्यांना माणूस नीट दिसत नाहीं. रॉडिन्स्की सांपडूं नये अशीच जणूं या लेखकाची इच्छा आहे. कारण तो सांपडला तर खोलीची मोहिनी ओसरेल.

लिक्टेन्स्टाइनबाईंची वाट अगदीं निराळी. त्यांचे आजोबा-आजी पोलंडमधून आलेले यहुदी. घराण्यानें टाकलेलें मूळ आडनांव त्यांनीं पुन्हां धारण केलें. त्यांनीं कागदपत्रें धुंडाळलीं, ओळखीच्या माणसांचीं दारें ठोठावलीं, आणि शेवटीं सत्य बाहेर काढलें. रॉडिन्स्की कोठें गुप्त झाला नव्हता. १९६९ सालीं एप्सम येथील मनोरुग्णालयांत त्याचा अंत झाला होता. त्याची कबर शोधून तेथें मृताची प्रार्थना म्हणविली जाते, तो प्रसंग या पुस्तकांतील सर्वांत साधा आणि आमच्या मतें सर्वांत थोर आहे. बाईंच्या लेखनांत दोष नाहींत असें नव्हे. कित्येकदां त्या स्वतःच्याच पूर्वजांच्या शोधांत इतक्या गुंगतात कीं रॉडिन्स्की बाजूस पडतो. तरीहि, दंतकथेनें एका माणसाचें मरणसुद्धां हिरावून घेतलें होतें, तें त्यांनीं त्यास परत दिलें, हें ऋण लहान नव्हे.

आमची तक्रार निराळीच आहे. माळ्यावरील एकट्या माणसाकडे दोघांचें जितकें लक्ष आहे, तितकें सज्ज्यांवरील नांवांकडे नाहीं. एकटेपणांत गूढ असतें म्हणून तो वाङ्मयाला प्रिय. पै-पैसा जमवून केलेल्या सामुदायिक कामांत गूढ कांहीं नसतें, म्हणून तें उपेक्षित राहतें. जवळच ब्रिक लेनवर १७४३ सालीं बांधलेलें ह्यूगनॉटांचें देऊळ आहे. तें पुढें मेथॉडिस्टांचें, १८९८ च्या सुमारास यहुद्यांचें, आणि १९७६ सालीं बंगाली मुसलमानांची मशीद झालें. त्या रस्त्यावर वास्तु टिकल्या त्या अशा हातोहात जाण्यामुळें. प्रिन्सलेट स्ट्रीटवरील घरास पुढें कोणी उपासक मिळाले नाहींत. एका संस्थेनें स्थलांतरितांचें संग्रहालय म्हणून तें सांभाळलें. ठेवा जपला गेला, परंतु ज्या गजबजाटासाठीं तें घर मंदिर झालें, तो गजबजाट जपतां येत नाहीं.

वाचकांनीं हें पुस्तक अवश्य वाचावें. सिंक्लेअर यांचीं प्रकरणें चवीनें वाचावीं. विश्वास मात्र लिक्टेन्स्टाइनबाईंवर ठेवावा. आणि माळ्याकडे जाण्यापूर्वीं खालच्या फळ्यांवरील नांवांपाशीं क्षणभर थांबावें.