‘बर्सर्क’मधील रसपालट आणि ‘इन्गा’ची कल्पना

केंतारो मिउरा (१९६६–२०२१) यांची ‘बर्सर्क’ ही जपानी चित्रकथामाला १९८९ साली सुरू झाली. तिच्यावरील नेहमीचा आक्षेप असा, की प्रारंभीची भीषणता पुढे ओसरत गेली. सूडाने पेटलेल्या एकाकी गट्सभोवती बालचेटकीण शिर्के, उपद्व्यापी इसिद्रो आदी सोबती जमले. चिमुकला पक तर भर युद्धात विदूषकी करू लागला. भयानकाची जागा हास्याने घेतली, असे हे म्हणणे. मला ते वरवरचे वाटते.

कथेतील ‘गॉड हँड’ हे आसुरी देवतामंडळ वारंवार ‘इन्गा’चा हवाला देते. हा शब्द चिनी बौद्ध परंपरेतून जपानीत आला. ‘इन्’ म्हणजे हेतू, ‘गा’ म्हणजे फल. परंतु या मंडळाच्या तोंडी त्याला अटळ विधिलिखिताचा अर्थ येतो. ग्रहणप्रसंगी ग्रिफिथ आपल्याच सैनिकांचा बळी देतो, तेव्हा ती घटका ठरलेलीच होती असे त्याला सांगितले जाते. ‘सामञ्ञफलसुत्ता’त मक्खलि गोसालाच्या नावे आलेला नियतिवाद तो हाच, त्याला प्रतीत्यसमुत्पाद म्हणता येणार नाही. प्रत्यय पालटले की फल पालटते. नियतीला मात्र प्रत्ययांची गरजच नसते.

या दृष्टीने पाहता आरंभीच्या खंडांतील एकसुरी काळोख हा नियतीचाच सूर ठरतो आणि पुढील सोबत, थट्टा, एकत्र जेवणे हे कथेत शिरलेले नवे प्रत्यय ठरतात. चाळिसाव्या खंडातील कास्काचा प्रसंग येथे निर्णायक आहे. शिर्के व फर्नेझे तिच्या स्वप्नात उतरून भंगलेल्या स्मृतीचे तुकडे वेचतात. तेथे जखमी कुत्र्याच्या रूपात शवपेटी ओढत असतो तो गट्सच. हे काम त्या एकाकी खड्गधाऱ्याच्या आवाक्यातले नव्हतेच. कास्का शुद्धीवर येते, सख्यांना ओळखते. पण गट्सला पाहताच ग्रहणाची स्मृती उसळून ती भयाने कोसळते. सौम्य झालेल्या सुरातही मिउरांनी दुःखाला सवलत दिलेली नाही.

अर्थात सर्वत्र हा तोल साधलेला नाही. सागरप्रवास कंटाळा येईतो लांबला आहे, आणि पकचे ते चेस्टनटसारखे डोके काही करुण चौकटींत निव्वळ रसभंग करते. उलट एका ठिकाणी मिउरांचा संयम वाखाणण्याजोगा आहे. मासिकात आलेले त्र्याऐंशीवे प्रकरण, ज्यात गॉड हँडच्याही वरची सत्ता आपले रहस्य बोलून दाखवते, ते त्यांनी पुस्तकरूपात येऊच दिले नाही.