‘गोतावळा’ : मायेचा हक्क आणि मालकीचा हक्क

कै. आनंद यादव यांची ‘गोतावळा’ ही कादंबरी १९७१ साली प्रसिद्ध झाली. लेखक मूळचे कागलचे. त्यामुळे निपाणी-बेळगावकडील वाचकास तिच्यातील बोली आपल्याच अंगणातील वाटावी. मळ्यावर ट्रॅक्टर येतो आणि जनावरांचे दिवस भरतात, एवढेच तिचे कथानक. पण एवढ्याशा घटनेत एका माणसाचे सारे जग कसे मोडून पडते, ते या कादंबरीने दाखविले आहे.

निवेदक नारबा हा मळ्यावरचा गडी. त्याला ना बायको, ना पोरेबाळे. गोत म्हणजे कुळ. ज्याला कुळच उरले नाही, तो गोठ्यातील जनावरांत आपले गोत शोधतो. लेखकाने सारी कथा त्याच्याच तोंडून, त्याच्याच बोलीत सांगविली आहे. या बोलीत यंत्रयुगावरील प्रवचनास जागाच नाही. म्हणूनच व्यथा भाषणबाजी न होता अंतःकरणास भिडते.

या कादंबरीला ‘यंत्राविरुद्ध माणूस’ अशा साच्यात बसविण्याचा मोह होतो. आमच्या मते तो अपुरा आहे. नारबाने बैलांना वैरण घातली, त्यांची उस्तवार केली. पण त्यांतील एकाचे दावेही त्याच्या मालकीचे नव्हते. बैल विकावयाचे की ठेवावयाचे हे ठरविताना त्याच्या मायेला मोल नव्हते, आणि हे ट्रॅक्टर येण्यापूर्वीही तसेच होते. यंत्राने अन्याय नव्याने निर्माण केला नाही. मायेखाली झाकलेला अन्याय उघडा केला. नारबाचा एकाकीपणा मालकाच्या सोयीचाच होता, ही या कादंबरीतील सर्वांत कठोर गोष्ट आहे.

तिची उणीवही येथेच आहे. सारे काही नारबाच्या डोळ्यांनी दिसत असल्यामुळे मालकाच्या हिशेबाची वही आपणांस त्याच्या बाजूने वाचावयास मिळत नाही. काम नसलेल्या दिवसांतही बैलजोडीला वैरण लागतेच. हा खर्च काल्पनिक नव्हे. तो मनात घेऊन निर्णय करणारा मालक रंगविला असता, तर शोकांतिका अधिक गहिरी झाली असती.

कादंबरीबाहेरचा हिशेबही पाहिला पाहिजे. २०१५-१६ च्या कृषिगणनेप्रमाणे देशातील सुमारे ८६ टक्के खातेदारांची जमीन दोन हेक्टरांहून कमी आहे आणि सरासरी धारणक्षेत्र १.०८ हेक्टर आहे. एवढ्या तुकड्यावर स्वतःचा ट्रॅक्टर परवडत नाही. तो भाड्याने आणावा लागतो. वाफसा मात्र सर्वांच्या रानात एकदमच येतो, आणि ज्याचे क्षेत्र मोठे त्याच्याकडे यंत्र आधी जाते. बैल गेले की घरचे शेणखतही जाते; ते बाजारातून विकत घ्यावे लागते. दक्षिण आशियातील ट्रॅक्टरविषयक अभ्यासांचा हान्स बिन्सवांगर यांनी १९७८ साली आढावा घेतला. ट्रॅक्टरमुळेच उत्पन्न भरघोस वाढते, असा ठाम पुरावा त्यांना आढळला नाही. यंत्राने प्रामुख्याने बैलांची व मजुरांची जागा घेतली होती. मात्र भर उन्हात नांगरामागे चालणाऱ्याचे कष्ट यंत्राने हलके केले, हेही नाकारता येणार नाही. प्रश्न यंत्र असावे की नसावे हा नसून, ते कोणाच्या हाती आणि त्याने वाचविलेले श्रम कोणाच्या पदरी, हा आहे.

आपण शिवालयात शिरताना नंदीच्या पाठीला हात लावतो. बेंदराला बैलांची शिंगे रंगवितो, त्यांना पुरणपोळी चारतो. गोठा रिकामा झाला तरी सण राहतो, मातीचे बैल पुजले जातात. पण त्या बैलांमागे राबणाऱ्या गड्याची आठवण कोणत्या सणाला होते? ‘गोतावळा’ मिटल्यावर हा प्रश्न मनात उरतो. तो आपणांस अस्वस्थ करीत असेल, तर कादंबरी सार्थकी लागली असेच म्हणावे लागेल.