यात्रेतील तंबू-चित्रपट आणि निरीक्षणाची कक्षा

शर्ली अब्राहम व अमित मधेशिया ह्यांचा ‘द सिनेमा ट्रॅव्हलर्स’ (२०१६) हा अनुबोधपट महाराष्ट्रातील यात्रांतून तंबूत चित्रपट दाखविणाऱ्या व्यावसायिकांचे जीवन चित्रित करतो. कान महोत्सवात त्याचा विशेष गौरव झाला. परिवर्तनाचे दर्शन घडविताना निरीक्षणपद्धती कोठवर जाऊ शकते, हा प्रश्न त्याच्या निमित्ताने विचारात घेण्याजोगा आहे.

निवेदकाचे भाष्य टाळल्यामुळे येथे वस्तूच बोलू लागतात. जुना मालट्रक, गंज चढलेले प्रक्षेपणयंत्र, ते दुरुस्त करणाऱ्या कारागिराचे हात ह्यांतून ३५ मिलिमीटर फितीचा अस्त आणि संगणकीय प्रक्षेपणाचा उदय प्रत्ययास येतो. हे यश सामान्य नव्हे. तथापि परिवर्तनाचे कारण येथे बहुतांशी यंत्रातच शोधले गेले आहे. मधेशिया ह्यांच्या ज्या छायाचित्रमालेला २०११ साली वर्ल्ड प्रेस फोटोचे पारितोषिक लाभले, तीत पडद्याकडे टक लावून पाहणारे चेहरे केंद्रस्थानी होते. अनुबोधपटात मात्र तोच प्रेक्षक गर्दी होऊन राहतो.

ह्या संदर्भात डेव्हिड मॅकडूगल ह्यांच्या ‘टु लिव्ह विथ हर्ड्स’ ह्या कृतीचे स्मरण होते. १९६८ मध्ये युगांडातील ज्ये पशुपालकांत चित्रित झालेल्या ह्या अनुबोधपटात गुरे, धान्य, दुष्काळ आणि शासनाचा दबाव हे सारे संभाषणांतून उलगडते. तेथे बदल घराच्या अंगणातून पाहिला जातो; म्हणूनच त्याची आर्थिक व राजकीय मुळे प्रेक्षकाला आपोआप दिसू लागतात.

आपल्या हिंगोली जिल्ह्याच्या दृष्टीने हा भेद महत्त्वाचा आहे. औंढा नागनाथ येथील महाशिवरात्रीची यात्रा हळदीच्या काढणीच्या हंगामात येते. यात्रेकरूच्या हाती त्या वेळी किती पैसा आहे, घरातील कोण ऊसतोडीला परगावी गेले आहे, स्त्रियांना रात्री तंबूत बसता येते किंवा नाही, ह्या गोष्टी यंत्राकडे रोखलेल्या कॅमेऱ्याला दिसणार नाहीत. भ्रमणध्वनीच्या पडद्याने तंबूची जागा घेतली, एवढे म्हणून भागणार नाही. ती कोणाच्या घरी, कोणत्या क्रमाने घेतली, हे पाहावे लागेल.

सारांश, प्रस्तुत अनुबोधपटाने मावळत्या व्यवसायाची विश्वसनीय नोंद केली आहे. परंतु त्या व्यवसायाला ज्याने पोसले, त्या प्रेक्षकाच्या दैनंदिन जीवनाची नोंद अद्याप अपुरीच आहे.