वसमतची कविता हिंदीत कोण नेणार?

इंद्रजित भालेराव यांची कविता महाराष्ट्रात जितकी ऐकली जाते, तितकी फार थोड्या कवींची ऐकली जाते. १९६५ साली वसमत तालुक्यातल्या रिढोरा गावी जन्मलेल्या या कवीचा ‘पीकपाणी’ हा संग्रह १९८९ साली आला. पुढे ‘आम्ही काबाडाचे धनी’, ‘दूर राहिला गाव’ हे संग्रह आणि ‘कुळंबीण’ ही दीर्घ कविता आली. शाळेतल्या मुलांपासून कविसंमेलनातल्या श्रोत्यांपर्यंत अनेकांना त्यांच्या ओळी तोंडपाठ आहेत. मात्र मराठी कवितेच्या अनुवादाचा विषय निघाला की हे नाव सहसा कुणी घेत नाही. यात कवितेचा दोष नाही. आपला काव्यानुवाद ज्या वाटेने गेला, त्या वाटेवर हा मुलूख लागलाच नाही.

मराठीतला उत्तम काव्यानुवाद कवींनीच केला आहे. दिलीप चित्रे यांचा इंग्रजी तुकाराम, ‘सेज तुका’, १९९१ साली आला. नामदेव ढसाळांच्या निवडक कवितांचे त्यांनी केलेले इंग्रजी पुस्तक २००७ साली. अरुण कोलटकरांनी ‘जेजुरी’ आधी इंग्रजीत प्रसिद्ध केली आणि तिला राष्ट्रकुल काव्यपुरस्कार मिळाला. विंदा करंदीकरांनी उलट दिशेने गटेचा ‘फाउस्ट’ मराठीत आणला. ही थोर कामे आहेत आणि त्यांचे ऋण मोठे आहे. तरीही मराठी कविता बाहेर नेणाऱ्या या कामांची मुख्य भाषा इंग्रजी राहिली आणि घाट मुक्तछंदाचा. चित्र्यांनी अभंगाचा ठेका बराचसा सोडून दिला, तरी तुकाराम ताठ उभा राहिला. कारण त्याच्या अभंगातला वाद, त्याचा रोखठोक विचार मुक्तछंदातही टिकतो.

भालेरावांच्या बाबतीत असे होणार नाही. त्यांच्या कवितेतला कष्ट लयीतून कळतो. पेरणी, खुरपणी, दळण यांत शरीर पुन्हा पुन्हा तीच हालचाल करते, आणि ओळही तशीच परतून येते. ‘कुळंबीण’मध्ये कुणबी बाईचे आयुष्य ज्या सुरात येते, त्याच्या मुळाशी जात्यावरची ओवी आहे. दुःख सांगताना ती बाई थांबत नाही, कारण हातातले काम थांबत नाही. ही गोष्ट गद्यात समजावता येते, पण कवितेत ती ऐकूच यावी लागते. ठेका काढून घेतला तर मागे शेतकऱ्याच्या हलाखीचे वर्णन उरेल, आणि तसली वर्णने कोणत्याही भाषेत भरपूर आहेत.

या कवीची सगळीच कविता सारख्या तोलाची नाही, हेही सांगितले पाहिजे. जाहीर मंचावर गाजलेल्या काही रचनांत ध्रुवपद पुढे जाते आणि अनुभव मागे पडतो. टाळी कुठे पडणार हे आधीच कळते. ‘पीकपाणी’त तसे होत नाही. तिथे पीक, ढोर, माणूस यांच्याकडे पाहणारी नजर शांत आहे आणि शब्द मोजके. चांगला अनुवादक ‘पीकपाणी’ आणि ‘कुळंबीण’ यांच्यापाशीच जास्त काळ थांबेल, असे मला वाटते.

आणि तो अनुवादक आधी हिंदीकडे वळावा. वसमत ज्या हिंगोली जिल्ह्यात आहे, त्याच जिल्ह्यातले नरसी हे संत नामदेवांचे जन्मगाव मानले जाते. त्यांची ६१ पदे गुरू ग्रंथ साहिबात आहेत. पंजाबातल्या घुमानला त्यांच्या नावाने लोक जमतात आणि २०१५ साली अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनही तिथेच भरले. या मुलखाची वाणी उत्तरेत पोचल्याला सातेक शतके झाली. अलीकडच्या काळात हिंदी कवी चंद्रकांत देवताले यांनी दिलीप चित्र्यांची कविता ‘पिसाटी का बुर्ज’ या नावाने हिंदीत नेली. औरंगाबादचे कवी चंद्रकांत पाटील यांनी तर मराठी–हिंदी काव्यव्यवहार दोन्ही बाजूंनी आयुष्यभर चालवला. वाट आहे, तिच्यावरून चालणारे कमी झाले आहेत.

हिंदी पट्ट्यातल्या बोलींत जात्यावरची गाणी आजही ओळखीची आहेत. भोजपुरीत त्यांना जँतसार म्हणतात. दळणाऱ्या बाईचे माहेर, सासर, भाऊ, थकवा हे सगळे तिथेही आहे, आणि दगडाच्या फेऱ्याशी बांधलेली लयही. ‘कुळंबीण’ला इंग्रजीत जे घर नव्याने बांधावे लागेल, ते तिथे बांधलेले आहे. शिवाय निजामाच्या राजवटीत राहिलेल्या मराठवाड्याच्या कानाला उर्दू-दखनी कधीच परकी नव्हती. इथल्या माणसाला हिंदीची लय बाहेरून शिकावी लागत नाही.

नांदेड, परभणी, हिंगोलीत हिंदी शिकवणारे आणि स्वतः कविता लिहिणारे तरुण आहेत. त्यांच्यातल्या कुणी तरी ‘कुळंबीण’ हाती घ्यावी. शक्य असेल तर कवीच्या तोंडून ती ऐकावी, जँतसार गाणाऱ्या बायकांनाही ऐकावे, आणि मराठी पान डावीकडे, हिंदी उजवीकडे ठेवून पुस्तक काढावे. विद्यापीठांनी अशा कामाला संशोधनाइतकाच मान द्यावा. कवी आपल्यात आहे, लय त्याच्या आवाजात आहे. हे काम आताच झाले पाहिजे.