‘गेट आउट’: कौतुक करणारी नजर

जॉर्डन पीलचा ‘गेट आउट’ (2017) हा भयपट. पण मला त्यातली सगळ्यात भीतिदायक वाटली ती पार्टी. ख्रिस हा कृष्णवर्णीय फोटोग्राफर त्याच्या गोऱ्या मैत्रिणीच्या, रोझच्या घरी आलाय. तिथे त्याला कुणी शिवी देत नाही, उलट कौतुकच चाललंय. रोझच्या वडलांनी आधीच सांगून टाकलंय की शक्य असतं तर ओबामांना तिसऱ्यांदाही मत दिलं असतं. पार्टीतला एक म्हातारा गोल्फर टायगर वूड्सशी असलेली ओळख काढतो. एक बाई ख्रिसचा दंड चाचपून बघते. सगळे त्याच्याशी बोलतायत, पण खरं तर त्याच्या रंगाशी. त्याच्या फोटोंबद्दल आस्थेने बोलतो तो एक आर्ट डीलर, आणि तो अंध आहे!

पूर्वग्रह म्हणजे द्वेष, अशी सोयीची व्याख्या आपण करून ठेवलीय. इथे तो डिफॉल्ट व्हॅल्यूसारखा आहे: मुद्दाम कुणी भरलेली नाही, पण रकाना रिकामाही नाही.

माझी तक्रार पुढच्या भागाबद्दल आहे. (स्पॉयलर येतोय, पण सिनेमा आता जुना झाला.) या मंडळींना ख्रिसचं शरीरच विकत हवं असतं. म्हणजे दंड चाचपणं ही गिऱ्हाइकाने केलेली मालाची पारख ठरते. गुलामांच्या बाजाराची आठवण म्हणून हे जबरदस्त आहे. पण ‘नकळत’ हा शब्दच त्यातून निघून जातो. उरतात खलनायक, आणि खलनायकात स्वतःला कोण शोधतंय?

शेवटी मात्र पील तो धागा पुन्हा पकडतो. रस्त्यावर गोळी लागलेली रोझ, तिच्यावर ओणवा झालेला ख्रिस, आणि समोरून लाल-निळे दिवे. रोझ मदतीसाठी हाक मारते. पोलिसाला काय दिसेल हे तिला पक्कं ठाऊक आहे. ख्रिसलाही ठाऊक आहे, तो हात वर करतो. आणि आपल्यालाही. गाडीत कोण आहे ते अजून दिसलेलं नसतं, तरी पोटात गोळा येतो.

उतरतो तो ख्रिसचा मित्र रॉड, विमानतळाच्या सुरक्षेत नोकरी करणारा. पीलने आधी चित्रित केलेल्या शेवटात खरे पोलीस येतात, ख्रिस तुरुंगात जातो आणि रॉड त्याला काचेपलीकडून भेटतो. तो शेवटही मी नंतर पाहिला. तो अजिबात अनपेक्षित वाटला नाही.